लिंबोणीची जागा

परवा ताईने फोटो पाठवला. मिनियापोलिसला तिच्या घरापुढचं क्रॅबअ‍ॅपल फुललंय. पानं दिसू नयेत इतकी गडद गुलाबी फुलं. खाली एकच ओळ, "तुझा काय म्हणतोय?"

मी अंगणात जाऊन ताम्हणाचा फोटो काढला आणि धाडून दिला. जांभळे तुरे, चुरगळलेल्या क्रेप कागदासारख्या पाकळ्या. गंमत बघा, दोन्ही झाडं मे महिन्यातच फुलतात. तिचं बर्फ सरला म्हणून आणि माझं ऊन तापलं म्हणून!

खरं तर मला क्रॅबअ‍ॅपलच हवं होतं. हे सफरचंदाचं धाकटं भावंड. फळ दोन इंचांहून लहान असेल तर क्रॅबअ‍ॅपल म्हणायचं, एवढाच हिशोब. फळ आंबट-तुरट, बहुतेक लोक झाड लावतात ते फुलांसाठीच. ताईकडची 'प्रेरीफायर' जात इलिनॉय विद्यापीठात तयार झालेली, पानांवर सहसा स्कॅब न येणारी. ती लावत होती तेव्हा मला फोनवर सगळं साग्रसंगीत सांगायची. खोड जिथे मुळांकडे फाकतं तो भाग मातीत गाडायचा नाही, आच्छादन बुंध्याला टेकू द्यायचं नाही, हिवाळ्यात ससे साल कुरतडतात म्हणून भोवती जाळी. फळं झाडावरच राहतात, थंडीने मऊ पडली की पक्षी येऊन खातात.

पण या झाडाला हिवाळाभर भरपूर थंडी लागते, सात अंशांच्या खाली शेकडो तास. नेवाशात जानेवारीतल्या चार-दोन पहाटा सोडल्या तर कुठली आलीय तेवढी थंडी! हिमाचलच्या हरिमन शर्मांनी कमी थंडीत येणारं सफरचंद शोधलं, २०२५ मध्ये त्यांना पद्मश्रीही मिळाली. महाराष्ट्रातही काहींनी ती झाडं लावलीत. पण ते खायचं सफरचंद. मला नुसतं फुलणारं झाड हवं होतं. म्हणून ताम्हण ठरला, आपलं राज्यफूल.

प्रश्न जागेचा होता. अंगणात एकच जागा रिकामी, बाबांच्या कागदी लिंबोणीची. बाबा २०१४ साली गेले आणि लिंबोणी २०१६ च्या उन्हाळ्यात वाळली. लातूरला रेल्वेने पाणी न्यावं लागलं ते हे वर्ष. आमच्याकडेही टँकर आला की गल्लीत हंड्यांची रांग लागायची. वाळलेलं झाड पुढे दोन वर्षं तसंच उभं होतं. आई त्याच्या फांद्यांवर धुणं वाळत घालायची, पण तोडू द्यायची नाही.

शेवटी ते आपणच पडलं. मी ताम्हणाचं नाव काढल्यावर आई म्हणाली, "तिथं? आणि त्याचं खायचं काय?"

"फुलं बघायची."

"बघायला हंडाभर पाणी!"

आईचं चूक नव्हतं. ताम्हण हे कोकणातल्या ओढ्याकाठचं झाड, त्याला पाणी लागतंच. पण मी हट्टाने २०१९ च्या जूनमध्ये रोप लावलं. आपल्या काळ्या मातीत दोन फूट खड्डा खणून भरपूर शेणखत घातलं. त्या वर्षी परतीचा पाऊस असा झाला की खड्ड्याचा हौद झाला आणि मुळं कुजली. ताईने फोनवर सांगितलेलं सगळं मला पाठ होतं, पण ते तिच्या मातीसाठी होतं. पुढच्या जुलैत मातीत मुरूम मिसळला, वीतभर उंचवटा केला आणि त्यावर दुसरं रोप लावलं. शेळ्यांसाठी बाभळीच्या फांद्यांचं कुंपण केलं. हे रोप जगलं. आई मात्र त्याच्याकडे बघायचीसुद्धा नाही.

२०२२ च्या डिसेंबरात ताई आली ती लोणच्याची बरणी घेऊन. क्रॅबअ‍ॅपलचं लोणचं, कैरीसारखं, मेथी-हिंग घालून! आईने बोटावर घेऊन चाखलं. "म्हणजे तिच्या झाडाचं लोणचं तरी होतंय," असं म्हणून माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, फिलिपिन्समध्ये ताम्हणाच्या पानांचा चहा करतात. "चहा नासवू नकोस," आई म्हणाली. आम्ही तिघं हसलो.

मग ती एकदम गप्प झाली. थोड्या वेळाने बरणीचं झाकण लावता लावता म्हणाली, "लिंबोणी वाळली नाही. मी वाळवली."

आम्हाला कळेचना. मग तिने सांगितलं. त्या उन्हाळ्यात टँकरचं पाणी मोजून यायचं. भांडी धुतलेलं, तांदूळ धुतलेलं पाणी ती लिंबोणीला घालायची. पुढे तेही गाईला लागायला लागलं. एका संध्याकाळी तिने ठरवलं, उद्यापासून झाडाला नाही. "यांनी लावलेलं झाड. रोज त्याच्यासमोर बसून भांडी घासायचे मी. पानं गळताना बघायचे. आता पुन्हा एखाद्या झाडाचं पाणी तोडायला लावू नकोस मला."

सहा वर्षं आम्हाला वाटत होतं, लिंबोणी दुष्काळाने गेली. आणि तीन वर्षं मला वाटत होतं, आईला शोभेचं झाड आवडत नाही.

त्या सुट्टीत ताईने आणि मी मिळून स्वयंपाकघराच्या मोरीपासून ताम्हणापर्यंत पाइप टाकला. साबणाचं पाणी वेगळं, धुण्या-विसळण्याचं वेगळं. आता कुणी हंडा उचलायला नको की कुणी ठरवायला नको. २०२४ च्या मे महिन्यात पहिला तुरा आला. आईने खुर्ची बाहेर मागवली, बराच वेळ बसली आणि म्हणाली, "रंग बरा आहे."

यंदा तिने परसात कागदी लिंबाचं रोप लावलंय. मला न विचारता. काल बघतो तर मोरीच्या पाइपाला एक फाटा फुटलाय, चिंधीने गच्च बांधलेला.

ताईला आता त्याचाही फोटो पाठवायचाय.