काळाचा हिशेबनीस

काळापुढे कोणाचे काही चालत नाही, ही जाणीव मनुष्याला फार प्राचीन काळापासून बोचत आली आहे. म्हणूनच त्याने कल्पनेच्या राज्यात नाना प्रकारचे मणी निर्माण केले. लोखंडाचे सोने करणारा परीस त्याने कल्पिला. मनातील इच्छा पुरविणारा चिंतामणी कल्पिला. आणि काळाचे चक्र थोपवून धरील किंवा उलटे फिरवील अशा रत्नाच्या कथाही रचल्या. ते रत्न हाती आले, तर म्हातारपण मागे सारता येईल, हातून घडलेली चूक पुसून टाकता येईल, असे त्याला वाटले. परंतु असे रत्न अद्याप कोणास सापडलेले नाही.

निसर्गाने मात्र एक निराळाच खडा घडवून ठेवला आहे. तो काळाला थांबवीत नाही. पण काळाचा हिशेब चोख राखतो. त्याचे नाव झिरकॉन. त्याचे स्फटिक बहुधा वाळूच्या कणाएवढे, पुष्कळदा त्याहूनही बारीक असतात. केरळच्या समुद्रकिनाऱ्यावरील काळसर वाळूत ते विपुल आढळतात. तीवरून चालणाऱ्यास आपल्या पायाखाली केवढा जुना दप्तरखाना पसरला आहे, याची कल्पनाही नसते.

भूगर्भातील तप्त शिलारस निवू लागला, की त्यात झिरकॉनचे स्फटिक तयार होतात. घडताना हा स्फटिक युरेनियमचे थोडे अणू आपल्या घरात घेतो. शिशाला मात्र दाराबाहेरच ठेवतो. पुढे आतल्या युरेनियमचे हळूहळू शिसे होऊ लागते. या पालटाची गती ठरलेली आहे. युरेनियमचा जो मुख्य प्रकार, त्याचा निम्मा भाग शिशात पालटण्यास सुमारे ४४७ कोटी वर्षे लागतात. उन्हापावसाने ही गती वाढत नाही की घटत नाही.

पूर्वी लग्नघरी पाण्याने भरलेल्या घंगाळात घटिकापात्र सोडीत. तळाच्या बारीक छिद्रातून त्यात ठरलेल्या वेगाने पाणी चढे. पात्र बुडाले, की एक घटका, म्हणजे २४ मिनिटे झाली, असे समजत. अर्धवट भरलेले पात्र पाहूनही किती वेळ गेला, हे जाणत्यास सांगता येई. झिरकॉन हे निसर्गाचे घटिकापात्रच होय. त्यात युरेनियम किती उरले आणि शिसे किती साठले, हे मोजले, की त्याचे वय कळते.

सह्याद्रीच्या कातळांमध्ये लाव्ह्याचे थर एकावर एक बसलेले दिसतात. त्या थरांच्या मधे अडकलेल्या राखेत झिरकॉनचे कण सापडले. हे थर सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीचे आहेत, अशी साक्ष त्यांनी दिली. पश्चिम ऑस्ट्रेलियातील जॅक टेकड्यांत सापडलेला एक कण तर सुमारे ४४० कोटी वर्षांचा निघाला. तो ज्या खडकात जन्मला, तो खडक केव्हाच झिजून गेला. कण तेवढा उरला, आणि त्याच्या पोटातील हिशेबही उरला.

परंतु हिशेब लिहिलेला असणे निराळे आणि तो वाचता येणे निराळे. वाचणाऱ्याच्या अंगीही तितकाच चोखपणा असावा लागतो. ही गोष्ट क्लेअर पॅटरसन या अमेरिकन शास्त्रज्ञाच्या चरित्रावरून ध्यानात येते.

१९४८ साली शिकागो विद्यापीठात शिकत असता, झिरकॉनच्या सूक्ष्म कणांतील शिसे मोजण्याचे काम त्याच्याकडे आले. काम सोपे वाटले होते. पण उत्तर प्रत्येक वेळी चुकू लागले. शिसे असावयास हवे त्याहून कितीतरी अधिक भरे. दुसरा एखादा कंटाळून जुळतील तेवढे आकडे ठेवता आणि बाकीचे टाकून देता. पॅटरसनने तसे केले नाही. हे जादा शिसे आले कोठून, याचा तो शोध घेऊ लागला. तेव्हा त्याला आढळले, की शिसे सर्वत्र आहे. खोलीतील धुळीत, काचेच्या भांड्यांत, प्रयोगाच्या आम्लांत, माणसाच्या केसांत आणि कपड्यांतही ते आहे. मग त्याने भांडी आम्लात उकळली, फरशी पुन:पुन्हा पुसली, आम्ले शुद्ध करून घेतली. पुढे कॅलिफोर्नियात त्याने गाळलेल्या हवेची एक प्रयोगशाळाच उभारली. झिरकॉन ज्याप्रमाणे शिशाला दाराबाहेर ठेवतो, त्याप्रमाणे पॅटरसनने त्याला आपल्या दाराबाहेर ठेविले.

या कष्टाचे फळ मोठे मिळाले. पृथ्वीचे अगदी आरंभीचे खडक आज शिल्लक नाहीत. परंतु ज्या द्रव्यापासून ती घडली, त्याचेच अवशेष उल्कापाषाणांत आहेत. त्यांतील शिसे मोजून पॅटरसनने १९५६ साली पृथ्वीचे वय प्रसिद्ध केले. ते होते सुमारे ४५५ कोटी वर्षे.

एवढ्या यशानंतर तो स्वस्थ बसता, तर त्याला कोणीही दोष दिला नसता. पण जगात एवढे शिसे आले कोठून, हा प्रश्न त्याच्या मनातून जाईना. समुद्राचे पाणी आणि ग्रीनलंडचे बर्फ तपासल्यावर उलगडा झाला. बर्फाच्या जुन्या थरांत शिसे अत्यल्प होते, नव्या थरांत ते कितीतरी पटींनी वाढले होते. इंजिनाचा खडखडाट थांबविण्यासाठी पेट्रोलमध्ये शिसे मिसळीत असत. तेच धुराबरोबर हवेत आणि माणसांच्या रक्तात उतरत होते. शिसे हे विष होय. मुलांच्या मेंदूच्या वाढीस तर ते फारच घातक. १९६५ साली पॅटरसनने हा धोका जाहीरपणे मांडला. ज्यांचा व्यापार शिशावर चालत होता, ते खवळले. त्याच्या संशोधनाचे साहाय्य तुटले. १९७१ साली याच प्रश्नावर नेमलेल्या एका समितीतूनही त्याला वगळण्यात आले. तरी तो आपल्या आकड्यांपासून तसूभरही ढळला नाही.

१९९५ साली पॅटरसन वारला, तेव्हा अमेरिकेतून असे पेट्रोल जवळजवळ नाहीसे झाले होते. भारतात ते २००० साली बंद झाले. २०२१ साली मोटारींसाठी त्याची विक्री साऱ्या जगातूनच थांबली.

घडलेली चूक पुसून टाकणारे रत्न मनुष्याला मिळाले नाही. काळाचे चक्र उलटे फिरत नाही. हवेत गेलेले शिसे परत बोलावता आले नाही. पण वाळूएवढ्या एका कणाचा हिशेब खरेपणाने वाचू पाहणाऱ्या माणसाला ती चूक दिसली, आणि दिसल्यावर त्याने ती झाकली नाही. म्हणून तिच्यानंतर जन्मलेली मुले अधिक स्वच्छ हवेत श्वास घेत आहेत.