हॉस्पिटलचा नियम

परवा शनिवारी रात्री आत्तेबहिणीचा फोन आला. बारावीत आहे. "दादा, एक लिमिट सुटत नाहीये." मी एकदम खूश! इंजिनियरिंग होऊन सहा वर्षं झाली, तरी गणित म्हटलं की घरात अजून माझीच आठवण होते!

गणित असं: (एक्स + साइन एक्स) भागिले एक्स, आणि एक्स चाललाय अनंताकडे. वर अनंत, खाली अनंत. म्हटलं, सोप्पंय, हॉस्पिटल लाव. (खरा उच्चार 'लोपिताल', पण आमच्या क्लासमध्ये सगळे हॉस्पिटलच म्हणायचे.) वरचं डेरिव्हेटिव्ह १ + कॉस एक्स, खालचं १. आता कॉस काही कुठे स्थिरावत नाही, त्यामुळे भागाकार ० ते २ मध्ये हेलकावे खात राहणार. "लिमिट नाहीच, लिहून टाक," असं सांगून फोन ठेवला.

झोपताना डोक्यात किडा वळवळला. एक्स दहा लाख धरला तर? वर दहा लाख आणि फार तर एक इकडे-तिकडे. भागाकार जवळजवळ १ च की! उठून कागद घेतला. सगळ्याला एक्सने भागलं: १ + (साइन एक्स भागिले एक्स). साइन बिचारा उणे १ ते १ मध्ये अडकलेला, खालचा एक्स वाढतच चाललेला. म्हणजे तो तुकडा शून्याकडे. उत्तर १. संपलं.

मग नियम चुकला का? छे, मी चुकलो. नियम एवढंच म्हणतो, की डेरिव्हेटिव्हच्या भागाकाराला लिमिट असेल, तर मूळ भागाकाराचंही तेच. नसेल तर? तर तो गप्प बसतो. त्याच्या गप्प बसण्याला मी 'नाही' समजलो. इंजिनियरिंगची चार वर्षं हा नियम वापरला, पण त्यातलं 'असेल तर' कधी नीट वाचलंच नव्हतं. मार्क मात्र मिळत गेले.

गंमत म्हणजे लोपितालने १६९६ साली पुस्तकात छापलेला हा नियम मुळात योहान बर्नुलीचा. लोपिताल त्याला पैसे देऊन त्याचे शोध घ्यायचा. त्याने निदान पैसे तरी मोजले होते, मी तर फुकटात पाठ केला!

रविवारी सकाळी सातला फोन करून चूक कबूल केली. ती म्हणाली, "अरे, मागे उत्तर १ च दिलंय. पण तू इतक्या खात्रीने सांगितलंस, मला वाटलं पुस्तकातच चूक असेल."

असो. तेव्हापासून ते वाक्य काही डोक्यातून जात नाहीये.