घरातलं डिजिटल कपाट : रास्पबेरी पाय



३ जून २०२० हा दिवस आपल्या रायगडच्या किनाऱ्याला विसरता येणार नाही. निसर्ग चक्रीवादळात नारळी-पोफळीच्या वाड्या आडव्या झाल्या, विजेचे खांब पडले, रेंज गेली. आणि तेव्हाच शाळा मोबाईलवर आली होती! पुढे १ जून २०२१ पासून गूगल फोटोजची अमर्याद मोफत साठवणही थांबली. म्हणूनच वर्गाचं साहित्य आपल्या हाताशी असायला हवं.

यासाठी मी रास्पबेरी पाय वापरते. एटीएम कार्डाएवढ्या एकाच बोर्डवरचा हा संगणक २०१२ मध्ये विक्रीला आला, तोही मुलांनी प्रोग्रॅमिंग शिकावं म्हणून. २०१९ चं पाय ४ मॉडेल या कामाला छान चालतं.

जोडणी अशी करायची. मायक्रोएसडी कार्डवर रास्पबेरी पाय ओएस टाका. हार्डडिस्क यूएसबीला लावा, पाय केबलने राउटरला जोडा आणि त्यावर सांबा हे मोफत सॉफ्टवेअर बसवा. झालं! घरातल्या लॅपटॉपवर आणि मोबाईलवर एकच फोल्डर दिसू लागतं. पाठाचे व्हिडिओ, स्वाध्याय, कवितांच्या ध्वनिफिती, सगळं एका जागी.

"पण नेट नसेल तर?" हा प्रश्न हमखास येतो. असं समजा, घरचं वाय-फाय म्हणजे आपली आळी आणि इंटरनेट म्हणजे खाडीपलीकडे नेणारी फेरीबोट. बोट बंद असली तरी आळीत एकमेकांकडे जाता येतंच ना? तसंच हे. वीज मात्र लागते. पाय आणि राउटर दोघांनाही वीज कमी लागते, त्यामुळे छोट्या इन्व्हर्टरवरही ते चालतात.

तीन गोष्टी पक्क्या लक्षात ठेवा. चालू पायची वीज अचानक गेली तर कार्डवरचा डेटा बिघडू शकतो, म्हणून आधी रीतसर शटडाउन करा. मुलांचे फोटो असतील तर फोल्डरला पासवर्ड हवाच. आणि सगळ्यात महत्त्वाचं, हे कपाट म्हणजे बॅकअप नव्हे. आपल्याकडची खारी, दमट हवा यंत्रांना मानवत नाही, आणि घरात पाणी शिरलं तर पाय आणि डिस्क दोन्ही जातील. म्हणून दुसऱ्या डिस्कवर प्रत काढा आणि ती घाटावरच्या एखाद्या नातेवाइकाकडे ठेवा. दर सुट्टीत जाताना नवी प्रत न्या, जुनी परत आणा.

मुलांनी वर्षभर म्हटलेल्या कविता पुन्हा ध्वनिमुद्रित करता येत नाहीत. तेवढ्यासाठी एवढी खटपट करायलाच हवी.