रसायनशास्त्रात 82 गुण

दिवाळीची साफसफाई सुरू झाली की आमच्या घरात माझी किंमत माळ्यावरच्या जुन्या ट्रंकेएवढी होते. म्हणजे जो तो मला उचलून दुसरीकडे ठेवतो. गेल्या वर्षी मात्र मी हट्टाने एक काम मागून घेतले. संडास धुण्याचे.

भांड्यावर क्षारांचे पिवळे थर चढले होते. ते ॲसिडने निघतात, जंतू ब्लीचिंग पावडरने मरतात; मग दोन्ही एकदमच टाकावी, असा माझा हिशेब. कामाच्या बाई दारातून म्हणाल्या, “काका, ती दोन एका जागी घालायची नसतात.” आता शाळेत रसायनशास्त्रात 82 गुण मिळवलेल्या माणसाने हे ऐकून घ्यावे काय? मी दार लोटले आणि पावडरीवर ॲसिड ओतले.

फसफस झाली. पोहण्याच्या तलावावर येतो तसा, पण कितीतरी उग्र वास नाकात घुसला, डोळ्यांना धार लागली आणि श्वास छातीतच अडला. बाईंनी दंड धरून मला गॅलरीत ओढले, म्हणून पुढचे सांगतो आहे. डॉक्टरांनी रात्रभर नजर ठेवायला सांगितले. या वायूने फुप्फुसांत पाणी होते ते कधीकधी काही तासांनी.

ते 82 गुण मग आठवले! विरवलेल्या चुन्यात क्लोरीन मुरवून ही पावडर करतात. ॲसिड पडताच तो पुन्हा मोकळा सुटतो. 1915 साली बेल्जममध्ये ईप्र गावाजवळ जर्मन सैन्याने सोडला तो हाच. हवेच्या जवळजवळ अडीचपट जड, त्यामुळे जमिनीलगत साचतो. म्हणजे वाकून घासणाऱ्याच्या अगदी तोंडाशी.

आता आमच्याकडे एका दिवशी एकच औषध, वर भरपूर पाणी, खिडकी-दार सताड उघडे. सरबताच्या रिकाम्या बाटलीत ॲसिड भरून ठेवण्याची माझी काटकसरही सौ.ने बंद केली.

आठवड्याने मी बाईंना विचारले, “तुम्हाला हे कसे हो ठाऊक?”

त्या फरशी पुसत होत्या. “आधीच्या घरी बाईसाहेब म्हणाल्या, दोन्ही टाक, चकचकीत होतं. टाकलं.” इथे त्यांना खोकला आला. हा खोकला मी तीन वर्षे रोज सकाळी ऐकत होतो आणि मिश्रीचा समजत होतो.

“मग? डॉक्टरांकडे नेले असेल?”

“डॉक्टर कुठला, काका? दोन दिवस उठवेना, तर दोन दिवसांचा खाडा धरला.”