दाखवायचे गाव

पुण्यातल्या आमच्या शेजाऱ्यांना 'खरेखुरे जुने गाव' पाहायचे होते. मी उत्साहाने म्हटले, "चला, आमचे मलकापूर दाखवतो!" कोल्हापुरात मुक्काम केला. सकाळी निघून वाटेत पन्हाळा पाहिला आणि दुपारी रत्नागिरीच्या रस्त्यावरचे मलकापूर गाठले.

मी पडलो मराठीचा प्राध्यापक, तोंड सुरूच. "ही शाळी नदी. १८४४ च्या उठावानंतर इंग्रजांनी विशाळगडाची मोडतोड केली, तेव्हा पंतप्रतिनिधींचे ठाणे इथे आले..." मंडळी माना डोलावीत होती, फोटो काढीत होती.

एका उतरत्या कौलांच्या घरापुढे सगळे थबकले. ओट्यावर एक म्हातारी तांदूळ निवडीत होती. "यांचा फोटो काढू का, विचारा ना," शेजारीणबाई म्हणाल्या.

मी विचारले. म्हातारीने कपाळावर हात आडवा धरून मला न्याहाळले.

"तू आमच्या शाळंतल्या बाईंचा धाकला न्हवं? बाई गेल्याचं कळलं रं. त्यास्नी एकदा हितं आणायचं हुतं की!"

आई अखेरची तीन वर्षे माझ्याकडेच होती. "एकदा मलकापूरला ने रे," म्हणायची. मी म्हणायचो, "सुटी लागू दे, बघू." सुट्या लागत गेल्या.

म्हातारीने सगळ्यांना चहा पाजला. फोटोही काढू दिला.

परतताना शेजारीणबाई म्हणाल्या, "गाव किती छान दाखवलंत हो!"

एरवी मी पन्हाळ्यापर्यंत पुन्हा बोलत आलो असतो. त्या संध्याकाळी खिडकीबाहेर पाहत राहिलो.