हंसविण्याचा व्यासंग

गेल्या दिवाळींत आमची नातवंडें तलवाड्यास आलीं होतीं. फराळ आटोपल्यावर सर्वजण ओसरीवर बसून ‘लाखाची गोष्ट’ हा जुना बोलपट पाहूं लागलीं. भावी सासऱ्याच्या अटीप्रमाणें महिनाभरांत एक लाख रुपये खर्च करतांना नायकाची जी तारांबळ उडते, ती पाहून मुलांची हंसतां हंसतां पुरेवाट झाली. इतक्यांत धाकट्या नातीनें विचारलें, “आजोबा, एवढं हसवायला हे कुठं शिकले हो?”

प्रश्न साधा, पण पस्तीस वर्षें शिकविण्यांत घालविलेल्या आम्हांस तो बोचला.

राजा गोसावी यांचा जन्म १९२५ सालीं सातारा जिल्ह्यांतील सिद्धेश्वर कुरोली येथें झाला. लहान वयांतच घर सोडून ते मास्टर विनायकांच्या चित्रसंस्थेंत शिरले, तेही नट म्हणून नव्हे, तर कचेरींतील पोऱ्या म्हणून. पुढें दामुअण्णा मालवणकरांच्या नाटक मंडळींत ते प्रॉम्प्टर झाले. म्हणजे पडद्याआड उभें राहून इतरांस त्यांचीं भाषणें पुरवावयाचीं! त्यानंतर ‘भावबंधन’ नाटकांत त्यांस रखवालदाराचें लहानसें काम मिळालें. पुण्याच्या भानुविलास चित्रगृहांत ते तिकिटेंही विकीत. १९५२ सालीं राजा परांजपे यांनीं ‘लाखाची गोष्ट’ काढली, तेव्हां तिचा नायक तिकिटांच्या खिडकींत बसून आपल्याच चित्राचीं तिकिटें विकीत होता!

पुढें शरद तळवलकरांबरोबर त्यांची जोडी जमली. वसंत सबनिसांच्या ‘सौजन्याची ऐशी तैशी’सारख्या नाटकांतून त्यांनीं प्रेक्षकांस पोट धरून हंसविलें. १९९८ सालीं पुण्यास, प्रयोगाकरितां चेहऱ्यास रंग लावीत असतांनाच, त्यांचें देहावसान झालें. एवढ्या कष्टाच्या अभ्यासास व्यासंग म्हणूं नये, तर मग कशास म्हणावें?

हें सर्व आम्हीं नातीस सांगितलें. एक गोष्ट मात्र सांगितली नाहीं. ती येथें सांगतों.

फार वर्षांपूर्वीं आमच्या वर्गांत एक विद्यार्थी होता. तो आमच्या चालण्याची व विसर्ग उच्चारण्याच्या ढबीची हुबेहूब नक्कल करी. एके दिवशीं आम्ही दारांत उभे आहों, हें त्यास कळलें नाहीं. सारा वर्ग हंसत होता. खरें सांगावयाचें तर आमच्याही ओठांवर हंसूं आलें होतें. परंतु तें दाबून आम्हीं त्यास छडी मारली आणि विचारलें, “नकला करून पोट भरणार आहेस काय?” त्याच आठवड्यांत आम्हीं मुलांस भरतमुनींचे आठ रस लिहून दिले होते, स्मितापासून अतिहसितापर्यंत हास्याचे सहा प्रकार पाठ करून घेतले होते. शास्त्र फळ्यावर होतें आणि प्रयोग डोळ्यांसमोर चालला होता. पण आम्हांस दोहोंचा मेळ घालतां आला नाहीं.

त्या मुलानें पुन्हां नक्कल केली नाहीं. वर्गांत पुढें तो फारसा बोललाही नाहीं.

यंदा दसऱ्यास तो सोनें देण्यास आला. केस पिकलेले, बरोबर नातू. त्वरितादेवीचें दर्शन घेऊन येतांना आम्हीं धीर करून म्हटलें, “अरे, आमची ती नक्कल एकदां करून दाखव पाहूं.” तो ओशाळला. “गुरुजी, आतां कुठली आठवतेय!” असें म्हणून त्यानें आमच्या पायांवर डोकें ठेविलें. आशीर्वाद देतांना आमचा कंठ दाटून आला.

त्याच्या ठायीं दुसरा राजा गोसावी होता, असें आमचें म्हणणें नाहीं. होता कीं नाहीं, हें पाहण्याची संधीच आम्हीं ठेविली नाहीं, एवढेंच शल्य आहे. आपल्या घरांत श्लोक म्हणणाऱ्या मुलास खाऊ मिळतो आणि नक्कल करणाऱ्यास धपाटा! वाचकहो, आपल्याही ओसरीवर असें एखादें मूल असेल, तर आधीं मोकळेपणानें हंसून घ्यावें. शिस्त लावावयास पुढें पुष्कळ वेळ असतो.