मोड

मी सातवीत असताना आजीबरोबर खाप्याहून नागपुरास, इतवारीतल्या एका भांड्यांच्या दुकानात गेलो होतो. तिने तिच्या लग्नातला पाण्याचा पितळी गुंड फडक्यात बांधून घेतला होता. दुकानदाराने तो तराजूत टाकला, घट वजा केली आणि मोडीचा भाव सांगितला. गुंडाच्या गळ्याशी तिचे माहेरचे नाव कोरलेले होते. मी ते बोटाने दाखवले, तर ती म्हणाली, "नाव गेलं त गेलं बाबू, पितळ काई जात नाई." बदल्यात स्टीलची कळशी घेऊन आम्ही परतलो.

हे वाक्य मला पुढे पुष्कळ वर्षांनी, 2014 साली आठवले. 'विक्रांत' ही युद्धनौका मोडीत निघाल्याची छायाचित्रे त्या वर्षी वर्तमानपत्रांत येत होती. 1971च्या डिसेंबरात जिच्यावरून उडालेल्या विमानांनी चितगाव आणि कॉक्स बाजारावर हल्ले केले, जी 1997 साली सेवेतून निवृत्त झाली आणि पुढे काही वर्षे मुंबईत संग्रहालय म्हणून उभी राहिली, ती नौका सुमारे 60 कोटी रुपयांना विकली गेली. तिला वाचवण्यासाठी नागरिक सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले; उपयोग झाला नाही. त्या नोव्हेंबरात मुंबईच्या पूर्व किनाऱ्यावर, दारूखान्यात, तिच्यावर गॅसकटर चालू लागले. आम्ही प्राध्यापकमंडळींनी कॉलेजच्या स्टाफरूममध्ये हळहळ व्यक्त केली. माझ्याही डोळ्यांत पाणी आले, हे कबूल करतो.

समुद्रापासून शेकडो कोस दूर, कन्हान नदीच्या काठी वाढलेल्या माणसाला जहाजाचे एवढे काय, असे कोणी विचारील. उत्तर आमच्या गावाच्या जमिनीत आहे. खाप्याजवळच गुमगावची मँगनीजची खाण आहे. माझे आजोबा तिथे कामाला होते. ओतीव पोलादात गंधक मोकळा राहिला, तर तापवून लाटताना ते पोलाद तडकते. मँगनीज त्या गंधकाला बांधून ठेवते. म्हणजे ज्या पत्र्यांनी जहाज उभे राहते, त्या पत्र्यांना लवचीक बळ देणारा हा आमच्याकडचा काळा दगड. मध्य प्रांतातल्या खाणींचा कारभार 1896 साली एका इंग्रजी कंपनीने सुरू केला, आणि इथले खनिज आगगाडीने बंदरावर आणि तिथून जहाजांत भरून विलायतेच्या भट्ट्यांकडे जाऊ लागले. 1933 साली खुले झालेले विशाखापट्टणमचे बंदर बांधण्यामागे या मँगनीजची निर्यात हे एक मोठे कारण होते. 'विक्रांत'चा सांगाडा 1943 साली इंग्लंडात टाइन नदीकाठी घातला गेला. त्यात कुठल्या खाणीचा कोणता कण होता याचा माग काढता येत नाही. पोलादाला गाव नसते. तरी आजोबांच्या नखांत रुतलेली ती काळी धूळ आणि दारूखान्यात कापले जाणारे ते पत्रे मला एकाच गोष्टीची दोन टोके वाटतात.

या दोन टोकांच्या मध्ये जे घडते, ते आपल्या हळहळीत येत नाही. गुजरातेत भावनगर जिल्ह्यात अलंगच्या किनाऱ्यावर 1983पासून जहाजे मोडली जातात. भरतीच्या पाण्यावर जहाज थेट किनाऱ्यात घुसवायचे, ओहोटीला ते चिखलात बसते आणि मग माणसे त्यावर चढतात. ओडिशा, बिहार, उत्तर प्रदेश, झारखंड इथून ती आलेली असतात. बांगलादेशात चितगावजवळ, पाकिस्तानात गडानीला हीच रीत. गडानीला 1 नोव्हेंबर 2016 रोजी एका तेलवाहू जहाजात स्फोट होऊन अनेक मजूर जळून गेले. जहाजांच्या पोटात राहिलेले तेल, वायू आणि ॲस्बेस्टॉस कोणाच्या फुप्फुसात जायचे, हा प्रश्न 1989च्या बासल करारापासून चर्चेत आहे. 'क्लेमेन्सो' ही फ्रेंच युद्धनौका अलंगच्या वाटेवर असताना याच वादामुळे 2006 साली फ्रान्सला ती माघारी न्यावी लागली. जहाजे सुरक्षितपणे मोडण्यासंबंधीचा हाँगकाँग करार 2009 साली झाला आणि अमलात यायला 26 जून 2025 उजाडला. सोळा वर्षे! एवढ्या काळात एखादे मूल शाळेत जाऊन मॅट्रिक होते.

साहित्याच्या माणसांनी आणखी एका गोष्टीपासून सावध राहायला हवे. सेबास्तियाओ साल्गादो आणि एडवर्ड बर्टिन्स्की यांनी बांगलादेशातल्या मोडतोडीची काढलेली छायाचित्रे मी वर्गात दाखवली आहेत. चिखलात उभा असलेला तो प्रचंड नांगरदांडा, त्याखाली मुंगीएवढी माणसे! मुले स्तब्ध होतात. एका वर्षी मी त्यावर 'संस्कृतीचा भग्नावशेष' वगैरे बोलत होतो, तेव्हा मागच्या बाकावरच्या एका मुलीने विचारले, "सर, या माणसांना दिवसाची रोजी किती मिळत असेल?" माझ्याजवळ प्रतिमा होती, उत्तर नव्हते. भंगार हे रूपक म्हणून फार सोयीचे आहे; ते वापरणाऱ्याचा हात भाजत नाही.

'विक्रांत'चे पुढे काय झाले, ते आपण जाणतोच. तिच्या पोलादाचा अंश घातलेली मोटारसायकल 2016 साली बाजारात आली आणि लोकांनी ती अभिमानाने घेतली. त्याच वर्षी तिच्या धातूतून घडवलेले स्मारक मुंबईत उभे राहिले. 2 सप्टेंबर 2022 रोजी कोचीला बांधलेल्या नव्या विमानवाहू नौकेला तेच नाव मिळाले. म्हणजे आजीच्या वाक्याहून इथे अधिक चांगले घडले: पितळही गेले नाही आणि नावही गेले नाही. धातूला स्मारक मिळाले, नावाला नवे शरीर मिळाले. ज्यांनी ती पत्रा पत्रा करून उतरवली, त्यांचे नाव मात्र कशावरच कोरले गेले नाही.

हे मी दारूखान्याबद्दल म्हणतो, पण मला तसे म्हणण्याचा फारसा अधिकार नाही. नौकेचा इतिहास मला सनावळीसह पाठ आहे. आजोबा खाणीत नेमके काय काम करीत, किती खोल उतरत, हे मी त्यांना कधी विचारले नाही. आता सांगायला कोणी उरले नाही. आणि तो गुंड वितळला, तेव्हा आजीचे माहेरचे नाव लिहिलेली घरातली एकमेव वस्तू गेली. तिने ते हसून सोडले, म्हणून मीही हसून सोडले.

आपल्या भाषेत तुटलेल्या भांड्याला मोड म्हणतात आणि भिजल्या मटकीला फुटतो त्यालाही मोडच म्हणतात. या योगायोगावर पूर्वी मी एक गोड शेवट रचला असता. आता तो रचवत नाही. पुढच्या वेळी ती छायाचित्रे वर्गात लावीन, तेव्हा त्या मुलीच्या प्रश्नापासून सुरुवात करीन.